दुसरा चित्रपट कोण देतं?

सांगलीच्या एका मुलीनं विचारलंय: मास कम्युनिकेशन झालंय, सध्या लग्नांची आणि मित्रांच्या शॉर्टफिल्म्सची शूट्स करते, पुढं स्वतंत्र चित्रपटांची सिनेमॅटोग्राफर व्हायचंय. बाईला हे काम मिळतं का? एफटीआयआय (पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट) करावंच लागतं का? स्वतःचा कॅमेरा घेऊ का? आणि यावर घर चालतं का?

मी पुण्यात शिकले, मुंबईत असिस्टंट म्हणून खूप बॅगा उचलल्या आणि गेली बरीच वर्षं डीओपी, म्हणजे सिनेमॅटोग्राफर, म्हणून काम करते. जाहिराती, डॉक्युमेंटरी, आणि मधूनमधून कमी बजेटचे मराठी-हिंदी चित्रपट. तू माझ्यापेक्षा बरीच लहान आहेस, म्हणून सरळ अगं-तुगं करते.

घराचं आधी सांगते, म्हणजे बाकीचं मोकळेपणानं बोलता येईल. चालत नाही. निव्वळ इंडी, म्हणजे स्वतंत्र, फीचर करून मुंबईत भाडं भरणारा डीओपी मी पाहिलेला नाही, बाई नाही आणि पुरुषही नाही. शूट पंचवीस-तीस दिवसांचं असतं, पण आधीची रेकी (लोकेशन जाऊन बघणं), शॉट ब्रेकडाउन, कॅमेरा टेस्ट आणि नंतरचं डीआय (रंग-उजेड पक्का करण्याचं शेवटचं काम) धरलं तर तीन-चार महिने जातात. तेही सलग नाही, तुकड्यातुकड्यानं, त्यामुळे मधल्या दिवसांत दुसरं मोठं काम धरता येत नाही. मानधन म्हणशील तर बऱ्यापैकी जाहिरातीच्या दोन-तीन दिवसांत जेवढं मिळतं तेवढं, कधी त्याहूनही कमी. म्हणून आमच्यातले बहुतेक जण पोटासाठी एक काम करतात आणि नावासाठी दुसरं. पोटाचं काम म्हणजे जाहिराती, कंपन्यांच्या एव्ही (माहितीचे छोटे व्हिडिओ), वेब सिरीजचं सेकंड युनिट (मुख्य टीमच्या जोडीची दुसरी टीम), संस्थांच्या फिल्म्स.

तुझ्या लग्नांच्या शूटला नाक मुरडणारे भेटतील. खुशाल मुरडू देत. मंगल कार्यालयातल्या त्या भयानक उजेडात, पुन्हा घेता येणार नाही असा क्षण, मागून मामा-मावशांचे धक्के खात फोकसमध्ये धरायचा सराव कुठल्याही शाळेत मिळत नाही. अंतरपाट बाजूला होतो त्या सेकंदाला तू कुठे उभी असायला हवीस हे आधीच ओळखणं, हीच डॉक्युमेंटरी कॅमेऱ्याची निम्मी विद्या आहे.

पैशाचं आणखी एक. इंडी चित्रपटात मानधन हप्त्यांनी मिळतं आणि शेवटचा हप्ता ‘डीआय झाल्यावर’ किंवा ‘रिलीजच्या वेळी’ असा लिहिलेला असतो. रिलीज होईलच असं नाही. त्यामुळे शूटचा शेवटचा दिवस संपायच्या आत बहुतांश रक्कम हातात येईल असे हप्ते पाड. शूट लांबलं तर जादा दिवसांचा दर काय, हे त्याच कागदावर असू दे. आणि डीआयला तू बसणार, तुझ्या सोयीची तारीख विचारूनच ते होणार, हेही लिहून घे. हे लोकांना किरकोळ वाटतं. पण पंचवीस दिवस घाम गाळून धरलेला अंधार एखादा कलरिस्ट निर्मात्याच्या सांगण्यावरून एका दुपारीत ‘ब्राइट’ करून टाकतो, आणि पडद्यावर नाव तुझं असतं. वर्षाची कमाई वीस लाखांवर गेली की जीएसटी नोंदणी लागते. तोपर्यंत एक चांगला सीए आणि प्रत्येक इन्व्हॉइसची प्रत एवढं पुरे.

आता बाईला काम मिळतं का. पहिला चित्रपट मिळतो, हे मी धीर द्यायला म्हणत नाही. पहिला इंडी चित्रपट बहुतेक वेळा ओळखीतूनच येतो: बॅचमेट, शॉर्टफिल्मचा दिग्दर्शक, डॉक्युमेंटरीच्या प्रवासात भेटलेली कुणीतरी. त्यांच्याकडे पैसे नसतात आणि तुझ्याकडे नाव नसतं, म्हणून दोघांचं जमून जातं. तू मुलगी आहेस याची तिथं कुणाला फारशी पडलेली नसते. गाडी अडते ती दुसऱ्या-तिसऱ्या चित्रपटाला. निर्माता अनोळखी असतो, पैसे थोडे जास्त लागलेले असतात, आणि ‘हिच्यावर सोडायचं का?’ हे तुझ्या तोंडावर न विचारता तुझ्या माघारी बोललं जातं. त्यामुळे तुझ्या बाकीच्या प्रश्नांकडेही मी याच बाजूनं बघणार आहे: कशानं दुसरा चित्रपट मिळतो आणि कशानं मिळत नाही.

आपल्याकडचा इतिहास बघ. १९८५ साली ‘चिन्न वीडु’ या तमिळ चित्रपटाचं छायाचित्रण बी. आर. विजयालक्ष्मी यांनी केलं. आशियातल्या पहिल्या महिला सिनेमॅटोग्राफर म्हणून त्यांचं नाव घेतात. वडील बी. आर. पंतुलू नावाजलेले निर्माते-दिग्दर्शक, आणि त्या शिकल्या अशोक कुमारांसारख्या छायालेखकाच्या हाताखाली. म्हणजे घरही सिनेमाचं आणि गुरूही तोलामोलाचा. त्यांनी पुढे बरेच चित्रपट केले, १९९५ मध्ये दिग्दर्शनही केलं. पण त्यांच्यामागे बायकांची रांग लागली असं झालं नाही. २००२ मध्ये अभिनेत्री रेवती यांनी ‘मित्र, माय फ्रेंड’ दिग्दर्शित केला, कॅमेऱ्यावर फौजिया फातिमा होत्या आणि बाकीच्या मुख्य तंत्रज्ञही बायका. मध्ये सतरा वर्षं गेली होती, तरी ती बातमीच होती. सविता सिंग यांना एफटीआयआयमध्ये केलेल्या ‘क्रमशः’ या छोट्या चित्रपटासाठी छायाचित्रणाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आपल्याकडच्या ‘व्हेंटिलेटर’चा (२०१६) कॅमेराही त्यांचाच. हॉस्पिटलच्या बंदिस्त लॉबीत एवढा मोठा गोतावळा, कुणाचाही चेहरा हरवू न देता, कसा धरलाय ते एकदा आवाज बंद करून बघ.

२०१७ मध्ये फौजिया फातिमा यांच्या पुढाकारानं इंडियन विमेन सिनेमॅटोग्राफर्स कलेक्टिव्ह उभं राहिलं. अशा गटांचा उपयोग मला सुरुवातीला फक्त गप्पांपुरता वाटायचा. आता वाटत नाही. कुणाकडे कामाचा दर काय सांगायचा, कोणत्या निर्मात्याकडे हप्ता अडकतो, कोणता गॅफर (दिवेवाल्यांचा प्रमुख) नीट वागतो, कुणी आजारी पडलं तर उद्याच्या शिफ्टला कोण उभं राहील, ही माहिती पुरुषांकडे चहाच्या टपरीवर आपोआप पोचते. आपल्याकडे ती मुद्दाम पोचवावी लागते. शिवाय ‘बाई डीओपी मिळतच नाहीत हो’ म्हणणाऱ्याला यादी देता येते.

बाहेरच्या देशांत फार वेगळं आहे असं समजू नकोस. ऑस्करचे पुरस्कार १९२९ पासून दिले जातात. छायाचित्रणासाठी पहिल्या बाईचं नामांकन २०१८ मध्ये झालं, ‘मडबाउंड’साठी रेचल मॉरिसन यांचं. पण त्यांच्या नामांकनापेक्षा मला त्यांचा रस्ता महत्त्वाचा वाटतो. रायन कूगलर या दिग्दर्शकाचा पहिला, कमी बजेटचा ‘फ्रूटव्हेल स्टेशन’ (२०१३) त्यांनी शूट केला. त्याच दिग्दर्शकाच्या हाती ‘ब्लॅक पँथर’सारखा अवाढव्य चित्रपट आला, तेव्हा कॅमेऱ्यावर पुन्हा मॉरिसनच होत्या. दुसऱ्या भागासाठी आणि नंतर ‘सिनर्स’साठी (२०२५) कूगलर यांनी ऑटम ड्युराल्ड आर्कापॉ यांना घेतलं. आयमॅक्सच्या मोठ्या फिल्मवर चित्रपट शूट करणाऱ्या त्या पहिल्या बाई. त्याही इंडीतूनच आलेल्या. कुठल्या स्टुडिओनं यांना शोधून काढलेलं नाही. दिग्दर्शक वर जाताना कुणाला सोबत घेऊन गेला, यावर सगळं ठरलं.

माझ्या विद्यार्थ्यांना मी एलन कुरास यांचं करिअर अभ्यासायला सांगते. अमेरिकन बाई, शिक्षण मानवशास्त्राचं. १९९२ मध्ये ‘स्वून’ या सोळा मिलिमीटर फिल्मवरच्या कृष्णधवल चित्रपटासाठी सनडान्स या अमेरिकेतल्या इंडी चित्रपटांच्या महोत्सवात छायाचित्रणाचा पुरस्कार. १९९५ मध्ये ‘एंजेला’साठी पुन्हा. २००२ मध्ये ‘पर्सनल व्हेलॉसिटी’साठी तिसऱ्यांदा, आणि हा शेवटचा चित्रपट मिनीडीव्ही टेपवर होता, म्हणजे त्या काळी आपल्याकडे लग्नाला वापरायचे त्याच टेपवर. यातल्या दुसऱ्या आणि तिसऱ्या चित्रपटाची दिग्दर्शिका एकच, रेबेका मिलर. मध्ये सात वर्षांचं अंतर असूनही तिनं पुन्हा यांनाच बोलावलं. दरम्यान कुरास दिग्दर्शक स्पाइक ली यांच्यासाठी डॉक्युमेंटरी आणि फीचर दोन्ही करत होत्या. २००४ मध्ये ‘इटर्नल सनशाइन ऑफ द स्पॉटलेस माइंड’ केला. आणि या सगळ्याच्या मागे एका लाओशियन कुटुंबावरची त्यांची स्वतःची डॉक्युमेंटरी तेवीस वर्षं चालू होती, जिला शेवटी ऑस्करचं नामांकन मिळालं. ‘इटर्नल सनशाइन’ची नायिका केट विन्स्लेट, आणि कुरास यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘ली’ (२०२३) या चित्रपटाचीही नायिका तीच. म्हणजे एकदा कॅमेऱ्यासमोर बसलेला विश्वास वीस वर्षांनी दिग्दर्शनाच्या खुर्चीपर्यंत घेऊन गेला.

फ्रान्समधल्या आन्येस गोदार आणि दिग्दर्शिका क्लेअर दनी यांची जोडी तशीच. दोघींची ओळख जर्मन दिग्दर्शक विम वेंडर्स यांच्या युनिटमधली, तेव्हा एक कॅमेरा विभागात आणि दुसरी सहायक दिग्दर्शक. जिबूतीत शूट झालेल्या ‘बो त्रावाय’साठी गोदार यांना फ्रान्सचा सेझार पुरस्कार मिळाला. असिस्टंट असताना तू ज्या सहायक दिग्दर्शकाबरोबर पार्ल्याच्या फुटपाथवर वडापाव खाशील, तिच्याकडे नीट लक्ष दे. तुझा दुसरा चित्रपट कदाचित तीच देणार आहे.

पण दिग्दर्शक परत का बोलावतो? फ्रेम सुंदर होत्या म्हणून, असं बाहेरून वाटतं. सुंदर फ्रेम आता पुष्कळांना जमतात, कॅमेरेच तेवढे चांगले झालेत. इंडी चित्रपटात डीओपी दिग्दर्शकाला मुख्यतः वेळ मिळवून देते. बारा तासांची शिफ्ट, त्यात जेवण, त्यात कलाकाराचा उशीर, त्यात गावातली वरात. तू प्रकाशाला दोन तास घेतलेस तर नटाच्या वाट्याला वीस मिनिटं उरतात, आणि चित्रपट त्या वीस मिनिटांतच मरतो.

एक ठोस उदाहरण देते. कोकणातलं कौलारू घर, माजघरातला आई-मुलीचा लांब संवाद. माजघरात खिडकी एखादीच, तीही लहान, आणि दुपारी बाहेर पांढरं फटक ऊन. बजेटात दोन-चार एलईडी आणि फार तर एक ‘वन पॉइंट टू’ एचएमआय (१.२ किलोवॅटचा, उन्हासारखा उजेड देणारा दिवा). नवखा माणूस खिडकीबाहेर दिवा लावतो, आत दोन दिवे वाढवतो, सावल्या एकमेकींवर चढतात, मग त्या पुसायला काळी कापडं, आणि अडीच तास गेले. त्यापेक्षा रेकीच्या दिवशीच छपराकडे बघ. जुन्या घरात उजेडासाठी मधे एखादं काचेचं कौल घातलेलं असतं. त्याच्या शेजारची चार-पाच कौलं घरमालकाच्या परवानगीनं, गावातल्याच कौल शाकारणाऱ्या माणसाकडून उतरवून घे, वर पातळ पांढरं कापड ताण. संबंध माजघर वरून मऊ उजेडानं भरतं. एका बाजूला उजेड परतवायला थर्मोकोल, दुसऱ्या बाजूला तो कमी करायला काळं कापड, झालं. आता दोन कॅमेरा पोझिशनमध्ये काही हलवावं लागत नाही, नट कुठेही बसला तरी चालतं. ऊन सरकतं म्हणून सीन सकाळी साडेनऊ ते दुपारी दोनच्या आत लावायचा, हे सहायक दिग्दर्शकाला शेड्यूल बनवतानाच सांगायचं. संध्याकाळचा प्रसंग असेल तर त्याच घरातला बल्ब काढून पिवळा टंगस्टन बल्ब डिमरवर लाव. स्वस्त एलईडी बल्ब कॅमेऱ्यात फडफडतात. चोवीस फ्रेम्सवर शूट करत असशील तर आपल्या पन्नास हर्ट्झच्या विजेसाठी शटर १७२.८ अंशांवर ठेवायचं, १८० वर नाही. आणि दिवेलागणीचा निळा उजेड वीस-पंचवीस मिनिटं टिकतो. तेवढ्यात एक शॉट होतो, दोनाची आशा धरायची, तिसरा लिहायचाच नाही.

हे सगळं रेकीत ठरतं. जी डीओपी रेकीला होकायंत्र घेऊन जाते, सूर्य कुठून कुठे जाणार ते काढते, मीटर बॉक्सवरचा लोड बघते आणि शेजारी कोंबड्या किंवा पिठाची गिरणी आहे का हेही साउंडवाल्यासाठी पाहून येते, तिचं नाव लाइन प्रोड्यूसर (शूटचा वेळ आणि खर्च सांभाळणारा) लक्षात ठेवतो. ‘बाई आहे, वेळ लागेल’ ही भीती वादानं मोडत नाही, कॉलशीटनं, म्हणजे दिवसाच्या वेळापत्रकानं, मोडते. चित्रपट वेळेत संपला असेल तर लाइन प्रोड्यूसरला तसं चार लोकांत सांगायला स्पष्ट सांग. लाजू नकोस. पुरुष सर्रास सांगतात.

क्रूबद्दल. तुझे असिस्टंट शक्यतो निम्म्या तरी मुली असू देत, पण गॅफर मात्र अनुभवी घे. लाइट विभागात आपल्याकडे अजून बायका जवळजवळ नाहीतच. ‘गर्ल्स विल बी गर्ल्स’ हा २०२४ मध्ये सनडान्सला गाजलेला चित्रपट करताना त्या मंडळींनी मुलींना लाइटिंगचं प्रशिक्षण देणारा उपक्रम चालवला होता (कॅमेऱ्यावर जिह-ई पेंग, त्याही बाईच). असे प्रयत्न अजून थोडेच आहेत. त्यामुळे दिवे लावणारे दहाही जण पुरुष असणार, त्यातले काही तुझ्या वडिलांच्या वयाचे. सुरुवातीला गॅफर तुझं ऐकून तुझ्या पुरुष असिस्टंटकडे मान वळवून खात्री करून घेईल. यावर भाषण देऊ नकोस. आकड्यांत बोल: खिडकीतून वन पॉइंट टू, समोर ट्रेसिंगचा (उजेड मऊ करणाऱ्या कागदाचा) एक थर, चेहऱ्यावर टू पॉइंट एट (लेन्स किती उघडायची तो आकडा), मागच्या भिंतीवर दोन स्टॉप खाली (म्हणजे पाव उजेड). आणि असिस्टंटला आधीच ताकीद दे की गॅफरनं त्याच्याकडे पाहिलं तर त्यानं तुझ्याकडे पाहायचं. तीन दिवसांत विषय संपतो. न संपला तर चौथ्या दिवशी प्रोडक्शनला सांगून माणूस बदलून घ्यायचा, त्यातही संकोच नको. बाकी, लाइटवाल्या दादांना जेवण वेळेवर मिळालं का हे बघणारी डीओपी त्यांना कायमची आवडते, हे मी मुंबईत शिकले.

वजनाचं फार ऐकवतात. अ‍ॅलेक्सा मिनी या सिनेमा कॅमेऱ्याची बॉडी २.३ किलोची आहे. लेन्स, बॅटरी, मॅटबॉक्स, फॉलो फोकस लावून दहाच्या आसपास जाते. आपल्याकडच्या बायका पाण्याची कळशी कमरेवर घेऊन डोंगर चढतात, त्यामुळे या आक्षेपाला मी उत्तर देणं सोडलंय. तरी पाठीचे आणि गुडघ्यांचे व्यायाम तुझ्या वयापासूनच कर, कारण हँडहेल्ड चित्रपटात दिवसभर वाकलेल्या अवस्थेत कॅमेरा धरावा लागतो आणि चाळिशीत कंबर हिशोब मागते. पुरुषांचीही मागते.

खरा प्रश्न वजनाचा नाही, संडासाचा आहे. मल्याळम चित्रपटसृष्टीतल्या बायकांच्या स्थितीवर केरळ सरकारनं नेमलेल्या हेमा समितीचा अहवाल ऑगस्ट २०२४ मध्ये बाहेर आला. त्यानंतरच्या मोठ्या नावांच्या चर्चेत त्यातली एक साधी गोष्ट झाकली गेली: सेटवर स्वच्छतागृह नाही म्हणून बायका दिवसभर पाणी पीत नाहीत. आपल्याकडच्या आउटडोअरला काही निराळं नाही. नायिकेला व्हॅनिटी असते, कॅमेरा असिस्टंट मुलीला झुडूप असतं. डीओपी म्हणून तुझ्या अटींत हे पहिल्या पानावर लिही: प्रत्येक लोकेशनला बायकांसाठी वापरता येईल असं स्वच्छतागृह, आणि रात्री पॅकअपनंतर विभागातल्या मुलींना दारापर्यंत गाडी. तू मागितलंस तर स्क्रिप्ट सुपरवायझरला आणि कॉस्च्युमच्या मुलींनाही ते मिळतं. २०१३ च्या कायद्यानं कामाच्या ठिकाणी लैंगिक छळाच्या तक्रारींसाठी अंतर्गत समिती लागते, आणि चित्रपटाच्या युनिटलाही ती लागू आहे असं केरळ उच्च न्यायालयानं २०२२ मध्ये सांगितलं. कॉलशीटवर समितीच्या सदस्यांची नावं छापली आहेत का, हे विचारायची सवय लाव. मी असिस्टंट असताना एका युनिटमध्ये हे विचारलं तेव्हा लोक हसले होते. हल्ली निदान हसत नाहीत.

युनियनचंही इथंच. मुंबईत वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशन आहे, मोठ्या सेटवर काम करायचं तर तिचं कार्ड लागतं, घेऊन ठेव. बायकांना संघटनेत जागा ही गृहीत धरायची गोष्ट नाही. मुंबईच्या मेकअपवाल्यांच्या संघटनेनं पन्नासहून अधिक वर्षं बायकांना मेकअप आर्टिस्टचं कार्डच दिलं नाही, हेअर ड्रेसर व्हा म्हणायचे. २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला ते मोडीत काढावं लागलं.

मुलं, लग्न याबद्दल तू विचारलेलं नाहीस, पण मेसेजच्या शेवटी ‘घरचे काय म्हणतील’ असं आहे म्हणून एवढंच: बाळंतपणानंतर आमच्यातल्या अनेकजणी जाहिरातींकडे वळतात, कारण दोन दिवसांत घरी येता येतं. त्यात कमीपणा नाही. फक्त त्या काळात जुन्या दिग्दर्शकांच्या पटकथा वाचत राहायचं, मतं देत राहायचं. दोन वर्षं कॅमेरा हातात नसला तरी चालतो. दोन वर्षं कुणाच्या बोलण्यात नाव नसलं तर अवघड होतं.

एफटीआयआय. करावंच लागतं असं नाही. पण मिळालं तर सोडू नकोस. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर, जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारात १९६० पासून ही संस्था आहे. सिनेमॅटोग्राफीचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा, जागा फार थोड्या. कोलकात्याची सत्यजित राय संस्थाही तोलाची आहे. २०१९ मध्ये कान महोत्सवात आंजेन्यू या लेन्स कंपनीचा नवोदितांसाठीचा सन्मान मिळवणाऱ्या मोधुरा पालित तिथल्याच. या संस्थांचा मोठा फायदा अभ्यासक्रम नव्हे. तीन वर्षं दिग्दर्शन, संकलन, ध्वनी शिकणारी मुलं तुझ्याबरोबर एकाच कँटीनमध्ये भांडत असतात, आणि पुढच्या वीस वर्षांतले तुझे चित्रपट त्या भांडणांतून येतात. प्रवेश नाही मिळाला तर तो गोतावळा तुला दुसरीकडे जमवावा लागेल. मग एका चांगल्या डीओपीकडे दोन-तीन वर्षं असिस्टंट म्हणून राहा, त्याहून जास्त नको. मुलींना फोकस धरण्यावर किंवा डेटा सांभाळण्यावर ‘फार भरवशाची’ म्हणून वर्षानुवर्षं अडकवून ठेवतात. कौतुकच असतं ते, पण तिथून उडी मारली नाहीस तर लोक तुला डीओपी म्हणून बघणं विसरतात. एखादी शॉर्टफिल्म फुकटात करावी लागली तरी चालेल, पण श्रेयनामावलीत ‘छायाचित्रण’ तुझंच एकटीचं हवं.

कॅमेरा घेऊ का? कर्ज काढून महागडी बॉडी घेऊ नकोस. दोन-तीन वर्षांत जुनी होते आणि निर्माता तुला तुझ्या नजरेसाठी नाही, फुकट कॅमेऱ्यासाठी बोलवू लागतो. सोनीच्या एफएक्सथ्रीसारखा, सातशे ग्रॅमच्या आसपासचा छोटा कॅमेरा, सेकंडहँड मिळाला तर घे. लग्नंही होतील, डॉक्युमेंटरीही होईल. बाकी पैसे एक लाइट मीटर, एक बरा मॉनिटर आणि दोन चांगल्या लेन्सवर घाल. आसामच्या रीमा दास यांनी ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ स्वतः लिहिला, दिग्दर्शित केला, एडिट केला आणि कॅमेराही स्वतःच धरला. आपल्या गावच्या परिसरात, गावातल्या मुलांना घेऊन, छोट्या कॅमेऱ्यावर. २०१८ मध्ये त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि ऑस्करसाठी भारताची अधिकृत प्रवेशिकाही तोच झाला. हे उदाहरण मुली मला नेहमी देतात. मला तो चित्रपट मनापासून आवडतो, पण नीट बघ: त्या स्वतःच्याच दिग्दर्शिका होत्या, घाई करणारं डोक्यावर कुणी नव्हतं. तुला दुसऱ्याच्या गोष्टीसाठी प्रकाश करायचाय, तो निराळा धंदा आहे. हां, तुझ्याकडे स्वतःची गोष्ट असेल तर मात्र हा रस्ता मी सांगितलेल्या सगळ्यापेक्षा सरळ आहे.

दरवर्षी नोव्हेंबरात गोव्यात इफ्फी हा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव असतो आणि त्याला लागून फिल्म बाजार (हल्ली त्याला वेव्हज फिल्म बाजार म्हणतात). तिथं जा. चित्रपट बघायला नाही, अर्धवट चित्रपट घेऊन आलेल्या लोकांना भेटायला. ज्यांची पटकथा तयार आहे आणि निर्माता शोधताहेत अशा दिग्दर्शकांशी बोल. पहिल्याच भेटीत ‘मी शूट करू का’ म्हणू नकोस. पटकथा वाचायला माग, आठ दिवसांत वाच, आणि त्यातल्या प्रकाशाबद्दल दोन पानं लिहून पाठव. दहातले सात उत्तरही देणार नाहीत. पण उरलेल्यांपैकी एखाद्याचा फोन वर्षभरानं येतो. माझ्या बाबतीत आला आहे.

तोवर सांगलीत कामाला लाग. ऊस तोडणीच्या हंगामात तुमच्याकडं गुऱ्हाळं पेटतात, तिथं रात्री जा. एका बाजूला चुलाण्याचा जाळ, कढईची वाफ, बाकी काळोख. जाळाच्या उजेडात सावळा चेहरा किती स्टॉप खाली गेला तरी जिवंत राहतो, हे दिवा न लावता शोधून काढ. तसलं तीन मिनिटांचं काहीतरी रीलमध्ये, म्हणजे दिग्दर्शकांना दाखवायच्या कामाच्या नमुन्यात, टाक. रीलमध्ये ड्रोन नको, स्लो मोशन नको, खाली संगीत नको. एकच प्रसंग सलग, संवादासकट, दोन-तीन बाजूंनी कापलेला असू दे, म्हणजे प्रकाश एका शॉटवरून दुसऱ्यावर जुळतो का ते बघणाऱ्याला कळेल. लग्नाचा एखादा तुकडाही चालेल, अंतरपाटाचा असेल तर उत्तमच. झाली की लिंक पाठव, पासवर्डशिवाय.